रोडक्यावर बाळसं

ठाण्याला स्टेशनजवळ, रद्दीवाल्याकडे
वजनावर घेतलं हे पुस्तक. साडेचारशे ग्रॅम.
आत शाईने नाव: वत्सला टिपणीस, चेंदणी, १९७४.
आणि पान बाराच्या कोपऱ्यात एक अंगठा,
बर्न्ट सिएना. हा रंग मी झोपेतही ओळखतो.

एकतीस वर्षं रबाळ्याला, रंगाच्या कारखान्यात
शेड जुळवायचं काम.
गिऱ्हाइकाने भिंतीचा पोपडा आणून दिला
तरी चौथ्या डब्याला तोच रंग काढून द्यायचो.
टायटॅनियमचा पांढरा मला पोत्यांनी माहीत.
ट्यूबमधून करंगळीएवढा बाहेर आला
तेव्हा हसूच आलं,
साहेबाला लुंगीत दूध आणताना बघावं तसं.

पुस्तक इंग्रजी. डिक्शनरी घेऊन बसतो, घणसोलीत,
गॅलरीच्या ग्रिलला कॅनव्हास टेकवून.
पुस्तक म्हणतं, उजेड उत्तरेचा हवा.
सिडकोच्या आमच्या घरात उत्तर फक्त न्हाणीघरात येते,
काचेच्या पट्ट्यांमधून,
आणि तेव्हा आत कोणीतरी असतंच.

पुस्तक म्हणतं, फॅट ओव्हर लीन.
दोन दिवस डोकं लावलं. शेवटी वहीत लिहिलं:
आधी रोडका थर, वर बाळसेदार.
उलटं केलंत तर वरचा आधी वाळतो,
खालचा मागून हलतो, मग तडे.
मंदाकिनी म्हणाली, एवढ्यासाठी पुस्तक?
तिने माझ्या दोन्ही भावांचे संसार जवळून पाहिलेत.

तेल जवसाचं. आई चटणी करायची तेच जवस.
ते उडून जात नाही म्हणे, हवा खातं,
खाऊन खाऊन घट्ट होतं.
वार्निशला सहा महिने थांबा.
सहा महिने!
आमच्याकडे दोन तासांनी बोटाला लागला
की अख्खी बॅच परत, वर मेमो.
आता मी रोज सकाळी बोट लावून बघतो.
रोज बोटाला थोडा डोंगर लागतो.

हो, डोंगर. पुस्तकात कुरण आहे, गाई, एक चर्च.
मी त्या जागी पारसिक घेतला, गॅलरीतून दिसतो तेवढा.
लांबचं निळं करा, जवळचं उबदार.
केलं.
समासात वत्सलाबाईंची पेन्सिल:
"लांबचे निळे होते, पण लांब जात नाही."
मी खाली लिहिलं, "माझंही."

आठ रविवार गेले. हिरवा, गोल, देखणा डोंगर.
मंदाकिनीने पदराला हात पुसत पाहिला,
म्हणाली, आणि खाण कुठाय?

खरंच की. अर्धा कापलेला आहे तो.
सुरुंग उडायचे तेव्हा मांडणीवरची भांडी वाजायची आमची.
तीस वर्षं एक छटा इकडची तिकडे होऊ दिली नाही
आणि अख्खी खाण विसरलो.
त्या गाईंमुळे असेल.

पान चौऱ्याऐंशी: चुकलं तर घाबरू नका, सुरीने खरवडा.
वरचा थर ओलाच होता.
सुरी आडवी लावली, खाली ओढली.
हिरवं सोलून आलं, मागे कॅनव्हासचे दाणे,
राखाडी, पिवळट, थेट खडीसारखे.
ती खडी, जिच्यात आमचं घर आहे,
ही गॅलरी, ही पाठीमागची भिंत
जिला मी दोनदा स्टाफ डिस्काउंटचा रंग दिलाय.

सुरी वर्तमानपत्राला पुसली.
कागदावर डोंगराचा तो तुकडा राहिला.
रद्दीत टाकवेना. फ्रिजवर ठेवलाय.

वत्सलाबाईंची शेवटची नोंद पान अठ्ठ्याऐंशीवर,
हातांच्या धड्याला. नुसतं "उद्या."
पुढची पानं करकरीत, एकमेकांना चिकटलेली.
ब्लेडने सोडवतोय, दिवसाला दोन-तीन.
मंदाकिनीला सांगितलंय, रविवारी तासभर हात दे.
कुठला, म्हणते,
एक कणकेत आहे.